यांकी: एका स्लिपवर अकरा पैजा

नाव अमेरिकन वाटतं, पण ‘यांकी’ हा ब्रिटनच्या बुकींच्या दुकानांत रुळलेला शब्द. चार वेगवेगळ्या शर्यतींतले चार घोडे निवडायचे. त्यांतून ६ डबल (दोन घोडे, दोन्ही जिंकायला हवेत), ४ ट्रेबल (तीन घोडे, तिन्ही जिंकायला हवेत) आणि चौघांचं मिळून १, अशी ११ बेटं म्हणजे पैजा लागतात. स्लिपवर ‘१ पौंड यांकी’ लिहिलं की काउंटरवर ११ पौंड मोजायचे. नवखे इथेच फसतात. लिहिलेली रक्कम दर बेटाची असते, त्यामुळे ‘११ पौंड यांकी’ म्हणजे थेट १२१! ‘ईच वे’ (एक पैज घोडा जिंकण्यावर, दुसरी तो पहिल्या काहींत येण्यावर) केलं तर सगळंच दुप्पट.

‘१ पौंड यांकी’त चारही घोडे २/१ भावाचे (जिंकल्यास १ पौंडाचे मुद्दलासह ३) धरा. एकच जिंकला तर हाती शून्य. दोन जिंकले तर एका डबलचे ९ पौंड (३ × ३), म्हणजे २ पौंड तोटाच. मला ही या बेटाची सर्वांत मोठी खोट वाटते. तीन जिंकले तर ५४, चारही आले तर २४३. एखादा घोडा धावलाच नाही तर त्याचे डबल सिंगल (एकाच घोड्यावरची पैज) होतात, ट्रेबल डबल.

एका विजेत्यावरही काही परत हवं असेल तर याच ११ बेटांसोबत चार सिंगलही धरणारं ‘लकी १५’ बरं, फक्त ११ऐवजी १५ पौंड लागतात.