सकाळचा अर्धा तास हास्यक्लबला द्यावा का?

बागेत गोल करून उभी असलेली पंचवीस-तीस माणसं, हात वर, आणि टाळ्यांच्या ठेक्यावर 'हो हो, हा हा हा'. पुण्या-मुंबईत सकाळी फिरायला जाणाऱ्यांना हे चांगलं ओळखीचं आहे. तरी बाहेरून बघणाऱ्यांना हमखास वाटतं की इथे विनोद सांगत असतील. तसं नसतं. आणि माझ्या मते म्हणूनच हास्यक्लब रोजच्या उमेदीसाठी कामाचा ठरतो.

१३ मार्च १९९५ रोजी अंधेरीच्या लोखंडवाला भागात डॉ. मदन कटारिया यांनी पाच जणांना घेऊन पहिला क्लब सुरू केला, तो विनोदांवरच. थोड्याच दिवसांत चांगले विनोद संपले, चावट आणि टोचणारे उरले, माणसं दुखावायला लागली. मग विनोद बंद झाले आणि कारणाशिवाय हसण्याचा व्यायाम आला. त्याला प्राणायामाची जोड मिळाली, कारण त्यांच्या पत्नी माधुरी योगशिक्षिका. आजही एखाद्या क्लबात 'आजचा जोक' सुरू झाला की पंधरवड्यात गाडी सासू-सुनेवर आणि बायकांवर येते, आणि बायका यायच्या बंद होतात. कुणालाही हसायचं नाही, सगळ्यांनी मिळून हसायचं, हा नियम पाळणारा क्लब निवडा.

सत्र साधारण वीस ते तीस मिनिटांचं असतं. सुरुवात टाळ्यांनी. दोन्ही तळवे एकमेकांसमोर, बोटांवर बोटं, तळव्यावर तळवा, ठेका एक-दोन, एक-दोन-तीन. मग खांदे-मान सैल करणं आणि दीर्घ श्वास. नंतर हास्याचे प्रकार: नमस्कार हास्य, मोबाइल हास्य, लस्सी हास्य, कान पकडून क्षमा हास्य, तोंड मिटून गुंजन हास्य, तोंड उघडं पण आवाज नाही असं मौन हास्य. प्रत्येक प्रकार तीस ते पंचेचाळीस सेकंद, आणि मध्ये दोन सावकाश श्वास. नेमके हेच दोन श्वास घाईत गाळले जातात, आणि तिथेच बिघडतं.

हसताना श्वास तुकड्यातुकड्याने बाहेर जातो. फुफ्फुसं एरवीपेक्षा जास्त रिकामी होतात आणि पुढचा श्वास आपोआप खोल येतो. फायदा यात आहे. पण लागोपाठ चार प्रकार घेतले आणि मध्ये तोंडाने भराभर हवा ओढली, तर रक्तातला कार्बन डायऑक्साइड कमी होतो, डोकं हलकं होतं, ओठ आणि बोटांना मुंग्या येतात. नवा माणूस घाबरतो आणि दुसऱ्या दिवशी येत नाही. उपाय सोपा: थांबायचं, नाकाने श्वास घ्यायचा, घेतला त्याच्या दुप्पट वेळ लावून सोडायचा. दुसरी चूक म्हणजे गळ्यातून हसणं. आठवड्यात आवाज बसतो. पोटावर हात ठेवून बघा: 'हो हो' म्हणताना पोट आत जायला हवं.

सिंह हास्य नीट समजून घ्या. जीभ पूर्ण बाहेर, डोळे मोठे, हात पंज्यासारखे आणि हसू पोटातून. चेहऱ्याच्या आणि घशाच्या स्नायूंना याच्याइतका ताण दुसऱ्या कशाने मिळत नाही, आणि लाज घालवायलाही याच्याइतकं गुणकारी काही नाही. एकदा शेजारच्यासमोर जीभ काढली की उरलेले प्रकार सोपे जातात. कवळी सैल असेल तर मात्र घरून घट्ट बसवून या किंवा हा प्रकार सोडा.

हर्निया, रक्त पडणारी मूळव्याध, छातीत दुखण्याचा त्रास, आटोक्यात नसलेला रक्तदाब, अपस्मार, अंग बाहेर येण्याचा त्रास, काचबिंदू, गरोदरपण किंवा गेल्या तीन महिन्यांतली मोठी शस्त्रक्रिया यांपैकी काही असेल तर आधी डॉक्टरांना विचारा. सर्दी-खोकला आहे तोवर येऊ नका, शेजाऱ्यांसाठीही ते बरं. बाळंतपणानंतर किंवा वय वाढल्यावर हसताना लघवीचा थेंब जातो, हे क्लबात कुणी उघड बोलत नाही आणि बायका कारण न सांगता गळतात. येण्याआधी बाथरूमला जाऊन या, जोरकस प्रकारांऐवजी गुंजन आणि मौन हास्य करा, आणि फिजिओथेरपिस्टकडून ओटीपोटाच्या तळाचे व्यायाम शिकून घ्या.

आता मुद्द्याचं: यातून उमेद मिळते का? मिळते. पण 'खोटं हसू आणि खरं हसू शरीराला सारखंच' हे क्लबांमधलं आवडतं वाक्य मला फार ताणलेलं वाटतं. हसण्यावर संशोधन करणारे रॉबर्ट प्रोव्हाइन यांना आढळलं होतं की माणूस एकट्यापेक्षा चारचौघांत सुमारे तीसपट जास्त हसतो. क्लबाची ताकद तिथे आहे. सुरुवात ओढूनताणून होते, मग समोरच्या आजोबांचा चेहरा बघून खरंच हसू फुटतं. शिवाय दोन दिवस दिसला नाहीत की तिसऱ्या दिवशी फोन येतो, 'काय हो, बरं आहे ना?' निवृत्त झालेल्या किंवा एकट्या पडलेल्या माणसाला अंथरुणातून उठायला एवढं कारण पुरतं. मन महिनोन्महिने खचलेलं असेल तर मात्र उपचार हवेत. क्लब सोबतीला ठेवा, डॉक्टरांच्या जागी नाही.

पैशाच्या दृष्टीने तक्रारीला जागा नाही. बहुतेक ठिकाणी फुकट, नाहीतर नाममात्र वर्गणी. दर्जा मात्र सत्र घेणाऱ्यावर अवलंबून. चांगला माणूस स्वतः कमी बोलतो, प्रत्येकाकडे बघतो, दमलेल्याला खूण करून थांबवतो. माईक हातात धरून वीस मिनिटं सुविचार सांगणारा भेटला तर दुसरी बाग बघा. बाग निवडताना इमारतींपासूनचं अंतरही पाहा. मुंबईत कुर्ल्याला अशा हसण्याच्या आवाजाची तक्रार हायकोर्टापर्यंत गेली होती. झोपलेल्या शेजाऱ्याचाही हक्क आहेच, त्यामुळे साडेसहाच्या आधी आवाजी प्रकार नकोत.

ऑनलाइन सत्रं लॉकडाऊनपासून बरीच रुजली, आणि परदेशी मुलांकडे गेलेल्या आई-वडिलांची त्याने खरंच सोय झाली. पण पन्नास जणांना म्यूट करून एकाचंच हसू ऐकवलं तर लागण होत नाही. झूम हसण्याला गोंगाट समजून दाबूनही टाकतं. सहा ते आठ जणांचा गट, सगळे अनम्यूट, सेटिंगमध्ये 'ओरिजिनल साउंड' चालू, असं केलं तर निम्मा तरी परिणाम येतो. बागेला पाचपैकी चार तारे, ऑनलाइनला अडीच. पावसाळ्यात गवत निसरडं होतं आणि सत्रं बुडतात, तेवढ्यापुरतं ऑनलाइन ठीक.

जाणार असाल तर पोट रिकामं ठेवा, चहा अर्धा तास आधी चालेल. पायात पकड असलेले बूट घाला. पहिल्या दिवशी मागे किंवा कडेला उभं राहू नका, सत्र घेणाऱ्याच्या बरोबर समोरची जागा धरा. तिथून त्याचा चेहरा दिसतो, आणि कधी थांबायचं तेही कळतं.