फास्टॅग आणि ॲन्युअल पास, पुणे-बेंगळुरू करणाऱ्यांनी हे वाचाच

लेक बेंगळुरूला असल्यामुळे आमचं गाडीने जाणंयेणं कायमचं. एनएच ४८ म्हणजे पुणे-बेंगळुरू हायवेचे टोलनाके आता तोंडपाठ झालेत, खेड शिवापूर, आनेवाडी, तासवडे, किणी, मग कागल मागे पडलं की कर्नाटकात कोगनोळी, हत्तरगी, हिरेबागेवाडी आणि पुढेही आहेतच. काचेवरचा फास्टॅगचा तोच एक स्टिकर सगळीकडे चालतो, राज्य बदललं म्हणून काही वेगळं करावं लागत नाही, आणि मला फास्टॅगचं सगळ्यात जास्त कौतुक याचंच आहे. फेब्रुवारी २०२१ मध्ये सक्ती झाली तेव्हा लोकांनी किती कुरकुर केली होती, पण त्याआधी सुट्ट्या पैशांवरून नाक्यावर जी हुज्जत चालायची आणि मागे ट्रकवाले हॉर्न मारत बसायचे, ते ज्यांनी सोसलंय त्यांना विचारा.

आता पासबद्दल, कारण गोंधळ सगळा तिथेच होतो. १५ ऑगस्ट २०२५ ला टोलचा ॲन्युअल पास सुरू झाला, तेव्हा ३००० रुपये, २०० ट्रिप किंवा एक वर्ष, जे आधी संपेल ते. म्हणजे एक नाका १५ रुपयांत पडला, लांबच्या प्रवासाला याच्याइतकं स्वस्त काहीच नाही. नवीन टॅग लागत नाही, राजमार्गयात्रा ॲपवरून आहे त्याच टॅगवर चालू होतो, फक्त टॅग गाडीच्या नंबरवर रजिस्टर हवा, नुसत्या चेसिस नंबरवर असेल तर होत नाही. प्रत्येक नाका एक ट्रिप धरतात, आणि जिथे चढताना-उतरताना दोन्हीकडे स्कॅन होतो त्या रस्त्यावर दोन्ही मिळून एकच.

पण पास कुठे चालणार हे रस्ता कोणाच्या ताब्यात आहे त्यावर ठरतं. नॅशनल हायवे आणि नॅशनल एक्सप्रेसवेवर चालतो. आपला मुंबई-पुणे एक्सप्रेसवे, समृद्धी, अटल सेतू, सी लिंक, उत्तर प्रदेशातला यमुना एक्सप्रेसवे, हे सगळे राज्यांच्या संस्थांचे, तिथे टॅग चालतो पण पैसे टॅगच्या वॉलेटमधून, म्हणजे त्यात भरलेल्या बॅलन्समधून, नेहमीच्या दराने कापले जातात. पास आहे म्हणून वॉलेट रिकामं ठेवून कोणी मुंबईहून निघालं तर खालापूरलाच अडकणार. म्हणून पास घेतला तरी निघायच्या आदल्या रात्री रिचार्ज करून ठेवा, नाक्याच्या लाईनीत उभं राहून रिचार्ज केला तर तो सिस्टीमला दिसेपर्यंत वेळ जातो. टॅग बंद पडला असेल तर नॅशनल हायवेवर रोख दुप्पट द्यावे लागायचे, नोव्हेंबर २०२५ पासून यूपीआयने दिले तर सव्वापट, एवढा दिलासा आहे.

फास्टॅगला पाचातला एक स्टार कमी दिला तो टॅगवाल्या बँकेमुळे. गाडी सोसायटीच्या पार्किंगमध्ये उभी आणि मला भलत्याच जिल्ह्यातल्या नाक्यावर टोल कापल्याचा मेसेज. बँकेच्या कस्टमर केअरला फोन केला की हे बटण दाबा ते बटण दाबा, माणूस काही भेटेना, शेवटी मेलवर गाडीचा फोटो आणि मेसेजचा स्क्रीनशॉट पाठवून चिकाटीने मागे लागले तेव्हा पैसे परत आले. रक्कम छोटी होती पण सोडायची कशाला? टोलचे मेसेज न वाचता डिलीट करू नका.

स्टिकर काचेला नीट चिकटवलेला हवा, आरशामागे मधोमध. हातात धरून दाखवणाऱ्यांचे टॅग आता ब्लॅकलिस्ट करतात. एकदा कोगनोळीला रात्री धो धो पावसात दांडा काही वर जाईना, तिथला पोरगा रेनकोट घालून हातातलं मशीन घेऊन आला, बाहीने काच पुसली, मशीन जवळ धरलं आणि टीं वाजलं, मागच्या गाडीने हॉर्न मारायच्या आत आम्ही पुढे. त्याचं काम अगदी चोख. पण नाक्याचं मशीनच बिघडलेलं असेल आणि तुमचा टॅग चालू असून त्यात बॅलन्स असेल, तर रोख पैसे द्यायचे नाहीत, झिरो ट्रान्झॅक्शनची, म्हणजे शून्य रुपयांची, पावती घेऊन फुकट सोडायचा नियम आहे. कोणी वाद घातला तर १०३३ या हायवे हेल्पलाईनला तिथूनच फोन लावा.

माझ्याकडून पाचपैकी चार.