फेडरल कोर्टाचा जुना खंड आणि जळगावची पुस्तकबांधणी

बॅरिस्टर मुकुंद रामराव जयकर यांच्या इंग्रजी आत्मचरित्राचे दोन खंड आणि फेडरल कोर्टाच्या, म्हणजे सुप्रीम कोर्टापूर्वी देशात असलेल्या केंद्रीय न्यायालयाच्या, निवाड्यांचा १९३९ सालचा एक खंड, अशी तीन पुस्तके मी यंदाच्या उन्हाळ्यात जळगावच्या जुन्या भागातील एका पुस्तकबांधणीच्या दुकानात दिली होती. ती परत मिळून आता दोन महिने झाले आणि या काळात तिन्ही पुस्तके जवळजवळ रोज हाताळली गेली, म्हणून या कामाविषयी लिहीत आहे. पुस्तके माझ्या आजोबांची आहेत. ते अमळनेरला वकिली करीत आणि आज मीही तेथेच करतो.

तिन्ही पुस्तके एकत्र दुरुस्त करून घेण्यामागे कारण होते. जयकरांचा जन्म १८७३ चा. जालियनवाला बागेनंतर काँग्रेसने नेमलेल्या चौकशी समितीत ते गांधीजी आणि चित्तरंजन दास यांच्यासमवेत होते, पुढे गोलमेज परिषदेला गेले, आणि १ ऑक्टोबर १९३७ रोजी दिल्लीत फेडरल कोर्ट सुरू झाले तेव्हा सरन्यायाधीश सर मॉरिस ग्वायर आणि सर शाह सुलेमान यांच्याबरोबर त्या न्यायालयाचे पहिले तीन न्यायाधीश म्हणून ज्यांची नेमणूक झाली, त्यांत ते होते. परंतु त्यांचे आत्मचरित्र १९२५ पर्यंत येऊन थांबते. राजकारणातील जयकर तेथे भेटतात, न्यायासनावरचे जयकर भेटत नाहीत. ते वाचायचे असतील तर निवाड्यांचाच खंड उघडावा लागतो, आणि आमच्याकडचा खंड उघडण्याच्या अवस्थेत राहिला नव्हता. कसरीने पाठीचे कापड खाल्ले होते, मधले जुज, म्हणजे एकत्र शिवलेल्या पानांचे गठ्ठे, सुटले होते आणि पूर्वी कोणीतरी लावलेला तयार गोंद आमच्याकडच्या कोरड्या उन्हाने काचेसारखा तडकला होता.

दुकानातील वयस्कर कारागिरांनी पुस्तक हातात घेताच पहिला प्रश्न विचारला, तो असा : “वकीलसाहेब, हे कपाटात ठेवायचं आहे की वाचायचं आहे?” वाचायचे आहे म्हटल्यावर त्यांनी जाड पुठ्ठ्याची आणि घट्ट पाठीची बांधणी करू नये असे स्वतःहून सुचवले. जुना गोंद ओला करून काढला, फाटलेल्या घड्या पातळ टिश्यू कागदाने सांधल्या आणि सर्व जुज पुन्हा जुजबंदी शिलाईने फितीवर शिवले. चिकटवण्यासाठी मैद्याची खळ वापरली व तीत कीड लागू नये म्हणून मोरचूद घातला. ही जुनी पद्धत वेळखाऊ आहे, पण खळ वाळल्यावरही लवचीक राहते, आणि मे महिन्यात पत्र्याखाली तापणाऱ्या आमच्या कार्यालयासाठी मला हीच योग्य वाटली.

परिणाम असा, की खंड आता टेबलावर सपाट उघडा राहतो. ही गोष्ट किती महत्त्वाची आहे, ते त्यातील मध्यप्रांत व वऱ्हाडच्या १९३८ च्या कायद्यासंबंधीचे मत वाचताना कळले. मोटारीच्या इंधनाच्या आणि वंगणाच्या किरकोळ विक्रीवर त्या प्रांताने कर बसवला होता. हा कर म्हणजे केंद्राच्या अधिकारातील उत्पादन शुल्क आहे, की प्रांताच्या अधिकारातील विक्रीकर, असा प्रश्न गव्हर्नर जनरलने न्यायालयाच्या मतासाठी पाठवला. कर वैध आहे या निष्कर्षावर तिघेही न्यायाधीश एकमताने आले, मात्र तिघांनीही आपापले स्वतंत्र मत लिहिले. त्यामुळे एकाचे वाक्य वाचून दुसऱ्याकडे आणि तेथून पुन्हा जयकरांकडे असे सतत मागेपुढे जावे लागते. केंद्राच्या आणि प्रांताच्या अधिकारांच्या दोन याद्यांतील शब्द परस्परांना छेद देतात असे दिसले, तर दोन्ही नोंदींना काही अर्थ उरेल असेच वाचन करावे, हा विचार घडताना पाहायचा असेल, तर तिन्ही मते शेजारी ठेवूनच वाचली पाहिजेत. सुट्या पानांच्या, सारख्या मिटणाऱ्या पुस्तकात हे मला कधीच जमले नसते. वऱ्हाड म्हणजे आमच्या जिल्ह्याची पूर्वेकडची सीमा ओलांडली की लागणारा मुलूख, म्हणूनही आजोबांनी हीच पाने सर्वाधिक वाचली असावीत.

येथेच मला एक तक्रार नोंदवावीशी वाटते. शिलाई झाल्यावर कडा सरळ दिसाव्यात म्हणून खंड यंत्रावर कापण्यात आला आणि याच प्रकरणाच्या समासात आजोबांनी पेन्सिलीने लिहिलेल्या टिपणांतील अनेक ओळींची शेवटची अक्षरे गेली. समास राखायचा आहे हे मी आधी सांगायला हवे होते हे खरे, परंतु हस्ताक्षर दिसत असताना कापण्यापूर्वी विचारणे दुकानाचेही काम होते. कारागिरांनी चूक मान्य केली आणि निवाड्यांच्या खंडाचे ७०० रुपये घेण्यास नकार दिला. मी ते दिले, कारण शिलाईचे काम त्या किमतीपेक्षा अधिक मोलाचे आहे. आत्मचरित्राच्या खंडांना प्रत्येकी ६०० रुपये पडले आणि त्यांच्या कडांना हात लावला गेला नाही. पंधरा दिवसांचे काम चोवीस दिवसांनी मिळाले. पाठीवरची सोनेरी अक्षरे सुबक आहेत.

जयकर १९३९ मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलच्या न्यायसमितीवर (भारतातील अपिले तेव्हा शेवटी तिच्याकडे जात) गेले आणि १९४८ मध्ये पुणे विद्यापीठाचे पहिले कुलगुरू झाले. जळगावला १९९० मध्ये स्वतंत्र विद्यापीठ होण्यापूर्वी खानदेशातील महाविद्यालये त्याच विद्यापीठाला जोडलेली होती, आणि माझ्या वडिलांच्या पदवीपत्रावरही पुण्याचेच नाव आहे. आमच्या भागातील जुन्या वकिलांच्या घरी असे खंड अजून असतील. ते या दुकानात जरूर द्यावेत, पण देताना पहिल्या पानावर “कडा कापू नयेत” अशी चिठ्ठी लावावी. १९४० चा खंड मी दिवाळीनंतर तशीच चिठ्ठी लावून देणार आहे.