हप्ता लहान की मुदत लहान? गृहकर्जाच्या दोन वाटा

गृहकर्जावर ०.१० टक्का व्याज कमी पडावं म्हणून आपण चार बँकांचे उंबरठे झिजवतो. मुदतीची वेळ आली की समोरचा विचारतो, "वीस वर्षं टाकू ना?" आणि आपण मान डोलावतो. निदान मी तरी डोलावली होती. व्याजदरांच्या याद्या सगळीकडे मिळतात, त्यामुळे त्यात मी शिरत नाही. हप्ता लहान ठेवून मुदत लांबवायची की हप्ता मोठा घेऊन मुदत आटोक्यात ठेवायची, यावर जे अडलेत त्यांच्यासाठी माझा हा अनुभव.

तुलनेला माझ्याकडे घरचंच उदाहरण आहे. सप्टेंबर २०२१ मध्ये मी आणि माझ्या मेहुण्याने एकाच बँकेतून, एकाच दराने कर्ज घेतलं. प्रत्येकी ४० लाख, ६.७५ टक्के, फ्लोटिंग म्हणजे वर-खाली होणारा दर, रेपोशी (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते त्याच्याशी) जोडलेला. मी वीस वर्षं घेतली, हप्ता ३०,४१५. त्याने पंधरा घेतली, हप्ता ३५,३९६. "दाजी, पन्नाशी ओलांडली की मला कुणाचं देणं नको," एवढंच त्याचं आर्थिक नियोजन. मी तेव्हा त्याला जरा हसलोच होतो.

हसायला कारण होतं, आणि ते मला आजही खोटं वाटत नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे २०१२ पासून व्यक्तीच्या नावावरचं फ्लोटिंग गृहकर्ज मुदतीआधी फेडलं तर बँकेला दंड लावता येत नाही. म्हणजे वीस वर्षांचं कर्ज घेऊन महिन्याला ४,९८१ रुपये वरून भरत राहिलं, तर तेही पंधरा वर्षांतच संपतं आणि व्याजही तेवढंच पडतं. फरक इतकाच की नोकरी गेली, घरात आजारपण आलं, तर लहान हप्तावाला ते पाच हजार थांबवू शकतो. मोठा हप्तावाला थांबवू शकत नाही, त्याचा चेक परत जातो. अशी मोकळीक फुकट मिळत असेल तर ती का सोडा? शिवाय पगार वाढत जातो आणि पाचव्या-सहाव्या वर्षी तोच हप्ता हलका वाटू लागतो. पाच हजारांची एसआयपी (म्युच्युअल फंडात दरमहा ठरावीक गुंतवणूक) लावून वीस वर्षं तिला हात न लावणारे लोकही असतात. तुम्ही त्यांतले असाल तर पुढचं सगळं तुमच्यासाठी नाही, हे प्रामाणिकपणे सांगतो.

मी त्यांतला निघालो नाही. पहिले चार महिने एसआयपी व्यवस्थित चालली. मग घरात फर्निचरचं काम निघालं आणि ती 'तात्पुरती' थांबवली. ती तात्पुरती अवस्था अजून संपायची आहे. मोठी उधळपट्टी कधीच झाली नाही, पण महिन्याला वाचलेले ते पाच हजार नेमके कुठे गेले, हे आज मला बायकोसमोर सांगता येणार नाही.

तरीही त्यामुळे माझं मत बदललं नसतं. तो माझ्या शिस्तीचा दोष, कर्जाचा नव्हे. मत बदललं ते जानेवारी २०२३ मधल्या एका रात्री. ऑफिसात गुंतवणुकीचे पुरावे द्यायची दुसऱ्या दिवशी शेवटची तारीख होती, म्हणून मी व्याजाचा दाखला डाउनलोड करत होतो. दाखल्यावर मुद्दलाचा आकडा फारच किरकोळ दिसला. काहीतरी चुकलंय म्हणून कर्जखात्याचा उतारा उघडला. ऑक्टोबर २०२१ चा पहिला हप्ता: व्याज २२,५००, मुद्दल ७,९१५. डिसेंबर २०२२ चा हप्ता: व्याज २८ हजारांवर, मुद्दल जेमतेम सव्वादोन हजार. आणि खाली एका रकान्यात उर्वरित हप्ते: ३६२.

मी पंधरा हप्ते भरले होते. २४० मधून १५ गेले की २२५ उरतात, एवढं गणित मला येतं. ३६२ म्हणजे तीस वर्षं आणि दोन महिने. मी तेव्हा अडतीस वर्षांचा होतो. वीस वर्षांचं कर्ज सव्वा वर्ष भरल्यावर तीस वर्षांचं झालं होतं आणि ते मला अडुसष्टाव्या वर्षापर्यंत फेडायचं होतं.

झालं होतं असं. मे २०२० पासून ४ टक्क्यांवर बसलेला रेपो दर ४ मे २०२२ ला ठरलेल्या बैठकीची वाट न पाहताच ०.४० ने वाढला आणि मग थांबलाच नाही. जून, ऑगस्ट, सप्टेंबर, डिसेंबर. फेब्रुवारी २०२३ मध्ये तो ६.५० वर पोचला. ऑक्टोबर २०१९ नंतरच्या बँकांच्या फ्लोटिंग गृहकर्जांना बाहेरचा मानदंड (रेपोसारखा, बँकेबाहेर ठरणारा दर) सक्तीचा असल्यामुळे रेपो वाढला की आपला दर तीन महिन्यांच्या आत वाढतोच. त्या जानेवारीत माझा दर ८.६५ होता. दर वाढल्याबद्दल माझी तक्रार नाही, फ्लोटिंग घेताना ते मान्यच केलेलं असतं. बँकेने हप्ता होता तिथेच ठेवला आणि मुदत ताणली. मला दर बदलल्याचे एसएमएस आले होते, पण त्यांत मुदतीबद्दल अवाक्षर नव्हतं. दर महिन्याला खात्यातून तेच ३०,४१५ जात होते, मग शंका तरी का यावी?

जादा हप्ते १३७. गुणाकार केला तर ४१ लाख ६६ हजार. मूळ कर्ज ४० लाखांचं होतं.

त्याच रात्री मेहुण्याला फोन लावला आणि त्याला उतारा उघडायला लावला. त्याचीही मुदत वाढली होती: १६५ च्या जागी २१०. पंचेचाळीस हप्ते, म्हणजे सोळा लाखांच्या आसपास. थोडे नाहीत, पण माझ्या १३७ पुढे काहीच नाहीत. बँक तीच आणि दरवाढही तीच, मग एवढी तफावत कशी, हे समजायला मला दोन्ही उतारे शेजारी ठेवावे लागले. त्याच्या पहिल्या हप्त्यातून १२,८९६ मुद्दलात गेले होते, माझ्या ७,९१५. दरवाढीने दोघांच्याही मुद्दलातून साधारण पाच-साडेपाच हजारांचा लचका तोडला. त्याच्याकडे साडेसात हजार उरले, माझ्याकडे सव्वादोन. मुदत जेवढी लांब, तेवढा हप्त्यातला मुद्दलाचा वाटा पातळ, आणि दर वाढला की व्याज पहिला घास त्याच वाट्याचा घेतं. तीस वर्षांसाठी घेतलं असतं तर २५,९४४ च्या हप्त्यात व्याजसुद्धा मावलं नसतं.

कर्ज घेताना बँकेने दिलेल्या तक्त्यात हे दिसत नाही. त्या तक्त्याप्रमाणे वीस वर्षांत मी ३३ लाख व्याज भरणार होतो आणि मेहुणा पंधरा वर्षांत पावणेचोवीस लाख. फरक सव्वानऊ लाखांचा. मोकळीक हवी असेल तर सव्वानऊ लाख ही किंमत मला तेव्हा पटली होती. पण दर पंधरा-वीस वर्षं एकाच जागी राहतो, असं धरून तो तक्ता केलेला असतो.

दुसऱ्या दिवशी शाखेत गेलो. समोरच्या अधिकाऱ्याने स्क्रीनवर सगळं पाहिलं आणि अगदी समजुतीच्या सुरात म्हणाला, "पण सर, तुमचा हप्ता कुठे वाढलाय?"

एका अर्थी तो माझीच भाषा बोलत होता. मीच लहान हप्ता मागितला होता आणि बँकेने तो इमानेइतबारे लहान ठेवला. मुदतीतली लवचीकता मी माझ्यासाठी घेतली होती, वापरली मात्र बँकेने, आणि तीही मला न विचारता. दोन चकरा, एक लेखी अर्ज आणि खात्यातून आपोआप हप्ता कापण्यासाठीची नवी सही झाल्यावर माझं कर्ज मेहुण्याच्या मूळ मुदतीला, म्हणजे उरलेल्या १६५ हप्त्यांवर आलं. नवा हप्ता ४०,५५१. पुढच्या दरवाढीनंतर तो ४२ हजारांवर गेला. जे पाच हजार मला २०२१ मध्ये जड वाटले होते, त्यांच्या जागी आता दहा-अकरा हजार द्यावे लागले. ते जमले, कारण दरम्यान पगार वाढला होता. नसता वाढला तर काय केलं असतं, माहीत नाही.

आता नियम बरेच सुधारलेत, हे सांगायला हवं. ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात रिझर्व्ह बँकेने स्पष्ट केलं की दर बदलल्यामुळे हप्ता किंवा मुदत बदलत असेल तर ग्राहकाला लगेच कळवायचं, आणि हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हा पर्याय त्याला द्यायचा. दर तिमाहीला भरलेलं मुद्दल, भरलेलं व्याज आणि उरलेले हप्ते दाखवणारं विवरणही द्यायचं. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या रिटेल (वैयक्तिक ग्राहकांच्या) कर्जांबरोबर 'की फॅक्ट स्टेटमेंट' मिळतं, त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर किती पडतो ते लिहिलेलं असतं. म्हणजे माझ्यासारखं अंधारात राहायची पाळी तुमच्यावर कदाचित येणार नाही. पण कळवलं म्हणून आपण वाचतोच असं नाही, आणि पर्याय दिला तरी लहान हप्त्याची सवय लागलेला माणूस कुठल्या चौकटीत खूण करेल, याबद्दल मला स्वतःचीच खात्री नाही.

करसवलतीमुळे लांब मुदत परवडते, असं अजूनही कानावर येतं. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतच वजावट मिळते. माझं व्याज तीन लाखांच्या वर होतं, वरच्या रकमेवर काही नाही. नव्या प्रणालीत राहत्या घराला ती वजावटच नाही. त्यामुळे हा मुद्दा मी तरी तराजूत घालत नाही.

एक छोटी गोष्ट जाता जाता. कर्जाबरोबर गळ्यात मारलेल्या विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवायला हो म्हणू नका. दीड लाखांचा विमा ६.७५ टक्क्यांनी वीस वर्षं फेडला तर पावणेतीन लाखांना पडतो. विमा हवाच असेल तर टर्म प्लॅन (फक्त मृत्यू झाल्यास रक्कम देणारा विमा) वेगळा घ्या.

मग लांब मुदत कुणी घ्यावी? ज्यांचं उत्पन्न अनियमित आहे त्यांनी, निदान सुरुवातीला. पगाराच्या मानाने छोट्या मुदतीचा हप्ता बँकच मंजूर करत नसेल, तर प्रश्नच मिटला. माझ्या ऑफिसातला एकजण दर दिवाळीला बोनस आला की तो थेट कर्जात भरतो आणि भरल्यावर 'हप्ता तोच, मुदत कमी' असा अर्ज न चुकता देतो. त्याला पंचवीस वर्षांचं कर्जही पचेल. अर्ज न देता पैसे भरले तर काही ठिकाणी मुदत तीच राहून हप्ता कमी होतो, एवढं मात्र बघून घ्या. बाकी आपल्यासारख्यांना, म्हणजे वाचलेले पाच हजार महिनाअखेरीस सापडत नाहीत अशांना, हप्ता थोडा बोचेल एवढाच घ्यावा असं मला वाटतं. पहिलं वर्ष जड जातं. मेहुण्याने त्या वर्षी गाडी घेणं पुढे ढकललं होतं आणि दर सणाला त्याची बहीण मला त्याचं उदाहरण देत होती.

२०२५ मध्ये रेपो चार वेळा उतरला आणि ६.५० वरून ५.२५ वर आला. या वेळी बँकेचा मेसेज आला तसा मी शाखेत जाऊन सांगून आलो की हप्त्याला हात लावू नका, मुदत कमी करा. आधीच्या हिशोबाने जानेवारी २०२६ मध्ये १२९ हप्ते उरायला हवे होते. परवा उतारा काढला, ११६ दिसले. मेहुण्याला स्क्रीनशॉट पाठवला, तर त्याचं उत्तर आलं, "दाजी, माझे १०८."