नग कोण मोजणार? पुणे-कोल्हापूर बिऱ्हाड हलवताना झालेली लूट

फोनवर स्वस्त दर सांगायचा, सामान ट्रकमध्ये चढवायचं आणि ते दारात पोचलं की दुप्पट पैसे मागायचे, असा धंदा करणाऱ्या एका कंपनीने माझ्या आईबाबांना लुबाडलं. बाबा निवृत्त झाल्यावर त्यांचं बिऱ्हाड पुण्याहून कोल्हापूरला हलवलं, तेव्हाची ही गोष्ट. मे महिन्यात घरं बदलणारे पुष्कळ असतात, म्हणून सगळे आकडे देऊन लिहितो आहे.

आम्ही दोन ठिकाणी भाव विचारला होता. पहिल्या कंपनीचा माणूस घरी येऊन खोल्या बघून गेला. ट्रक, हमाली आणि पलंग, कपाट, फ्रिज, सोफा असं सगळं मोठं सामान धरून १६,००० रुपये, वर प्रत्येक खोक्याला ५०. जीएसटी त्यातच. दुसऱ्या कंपनीने फोनवरच भाव दिला. गाडीचे फक्त ७,५००, आणि दर नगाला २२०. "दोन खोल्यांचं घर ना सर? पस्तीसच्या वर नग जातच नाहीत."

हिशेब आठवीतल्या एकचल समीकरणाचा आहे. नगांची संख्या क्ष धरा.

१६,००० + ५०क्ष = ७,५०० + २२०क्ष
८,५०० = १७०क्ष
क्ष = ५०

पन्नास नगांच्या आत दुसरी कंपनी स्वस्त, त्यावर पहिली. ३५ नग धरले तर पहिलीचे १७,७५० आणि दुसरीचे १५,२००. अडीच हजार वाचत होते. दुसरीला दोन हजार आगाऊ पाठवले.

गणित बरोबरच होतं. त्यांनी हात मारला तो क्षवर. हे समीकरण मांडताना दोन्हीकडचा क्ष एकच आहे असं आपण धरतो. पहिल्या कंपनीचा क्ष म्हणजे खोकी, आणि ती आपल्यासमोर भरली जातात. दुसरीचा क्ष म्हणजे त्यांचा हमाल हात लावेल ती प्रत्येक वस्तू. पलंग खोलला, त्याचे पाच नग झाले. सोफ्याच्या गाद्या वेगळ्या बांधल्या, मिक्सरची भांडी मिक्सरपासून वेगळी काढली. आईच्या कुंड्या एकेक करून नेल्या आणि प्रत्येकीवर चिठ्ठी लावली. पुस्तकांसाठी त्यांनीच छोटी खोकी आणली होती आणि तीही अर्धवट भरून चिकटपट्टी लावत होते. "पुस्तकं जड असतात साहेब, खोकं फाटतं," असं कारण. बाबांच्या औषधांची पिशवीसुद्धा एक नग.

एकूण ९२ नग झाले. हा आकडा त्यांनी पुण्यात सांगितला नाही. ट्रक कोल्हापुरात दारापाशी उभा राहिला, मागचं कुलूप तसंच होतं, आणि ड्रायव्हरने मालकाला फोन लावून बाबांच्या हातात दिला. नगांचे २०,२४०, गाडीचे ७,५००, वर १८ टक्के जीएसटी म्हणून ४,९९३. एकूण ३२,७३३. आगाऊ रक्कम वजा करून उरलेले रोख द्या, तरच कुलूप उघडेल. औषधं आत, उन्हात उभे असलेले दोन म्हातारे जीव बाहेर. पैसे द्यावेच लागले. खरी खोकी ३८ होती. पहिल्या कंपनीने याच सामानाचे १७,९०० घेतले असते.

जीएसटीची तर उघड चोरी होती. पावतीवरचा जीएसटी क्रमांक १४ अक्षरांचा निघाला. खरा क्रमांक १५ अक्षरांचा असतो, महाराष्ट्रातला असेल तर २७ ने सुरू होतो आणि पुढची दहा अक्षरं पॅनची असतात. जीएसटीच्या सरकारी पोर्टलवर क्रमांक टाकला की कोणाच्या नावावर आहे ते फुकट कळतं. जीएसटीची नोंदणी नसलेल्याला हा कर वसूल करण्याचा अधिकारच नाही, हे भाव ठरवतानाच तोंडावर सांगा.

सामान अडवून कोणी पैसे मागितले तर ११२ लावा. द्यावेच लागले तर यूपीआयने द्या, रोख देऊ नका. आमच्याकडे निम्म्याहून जास्त रकमेचा पुरावाच नाही. नंतर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५. तिथे दाद लागली नाही तर जिल्हा ग्राहक आयोग. तक्रार दोन वर्षांच्या आत करायची, आपण राहतो त्या जिल्ह्यात करता येते, आणि पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क नाही. वकील लावण्याची सक्तीही नाही. आमची तक्रार आता कोल्हापूरच्या आयोगात आहे.

आगाऊ पैसे पाठवण्याआधी हा मेसेज व्हॉट्सअॅपवर पाठवा आणि लेखी "हो" येईपर्यंत थांबा: "नग म्हणजे काय धरता? पलंग, सोफा, कुंड्या किती नग? मोजणी गाडी निघण्यापूर्वी आमच्या सहीने होईल का? जास्तीत जास्त किती रक्कम होईल, जीएसटी धरून?" आमच्या ओळखीच्या एका कुटुंबाने जूनमध्ये हाच मेसेज तिघांना पाठवला. दोघांनी उत्तरच दिलं नाही. तिसऱ्याने घरी येऊन सामान बघितलं आणि एकच आकडा लिहून दिला.