वेंगुर्ल्याच्या मांगरात मोरिस शेव्हालिए

वेंगुर्ल्याजवळ एका घरगुती निवासाच्या आवारात जुना मांगर, म्हणजे शेताबागेतली कौलारू कोठी, आहे आणि जत्रांच्या मोसमात तिथे दर शनिवारी ग्रामोफोनच्या तबकड्या ऐकवल्या जातात. गेल्या शनिवारचा विषय होता पॅरिसच्या म्युझिक हॉलचा, म्हणजे गाणी, नाच आणि विनोदाच्या नाट्यगृहांचा लाडका गायक-नट मोरिस शेव्हालिए. माणशी 300 रुपये, अडीच तासांचा कार्यक्रम आणि मध्यंतरात रस-खापरोळी हा इथला गोड पदार्थ. दशावतार हे कोकणातले लोकनाट्य पाहत वाढलेल्या माणसाला फ्रेंच गाण्यातले काय कळणार, ही शंका मनात घेऊनच मी गेलो होतो.

यजमान निवृत्त शिक्षक आहेत. तबकड्या त्यांच्या वडिलांनी बोटीवर नोकरीला असताना फ्रान्सच्या मार्सेय बंदरातून आणलेल्या. आमच्या दमट, खाऱ्या हवेत त्यांच्यावर बुरशी धरते, म्हणून प्रत्येक तबकडी ते आधी मऊ ब्रशने पुसतात, चावी भरतात आणि दर बाजूला नवी पोलादी पिन लावतात. या तबकड्यांत लाख असते आणि त्या काळी जगाला लाख पुरवणारा मुख्य देश भारतच होता. त्यामुळे पॅरिसची तबकडी वेंगुर्ल्यात वाजणे मला तिच्या माहेरपणासारखे वाटले.

शेव्हालिएचा जन्म 1888 चा, पॅरिसच्या मेनिलमोंतां या कष्टकरी वस्तीतला. रंगारी बाप घर सोडून गेला, कसरतपटू होण्याचे स्वप्न दुखापतीने मोडले आणि पोरगा कॅफेत गाऊ लागला. पुढे फॉली बर्जेर या म्युझिक हॉलमध्ये मिस्टँगेट या त्याच्याहून वयाने बऱ्याच मोठ्या, त्या वेळी गाजत असलेल्या नटीचा तो जोडीदार झाला. यजमानांनी हा भाग भरभर उरकला, ते योग्यच झाले, कारण खरा ऐवज पुढे होता.

‘व्हॅलेंटाईन’ हे त्याचे 1925 चे गाणे त्यांनी तीनदा लावले. पहिल्यांदा काहीही न सांगता. दुसऱ्यांदा अर्थ सांगून: पहिल्या प्रेमातली नाजूक पावलांची मुलगी कित्येक वर्षांनी भेटते, तेव्हा ती अंगाने सुटलेली असते. तिसऱ्यांदा तो चाल सोडून बोलायला कुठे लागतो आणि पुन्हा चालीवर कसा येतो, ते यजमान बोट उचलून दाखवत गेले. त्याचा आवाज मोठा नव्हता. गवती हॅट, पुढे काढलेला खालचा ओठ आणि समोरच्याशी बोलल्यासारखे गाणे, एवढ्या भांडवलावर त्याने सभागृहे ताब्यात ठेवली. आमच्याकडचा दशावतारी नट लिखित संहितेवाचून, समोरची गर्दी पाहत संवाद रचतो, ती नजर मला त्या खरखरत्या तीन मिनिटांत ओळखू आली आणि माझी शंका तिथेच फिटली.

नंतर ‘लुईझ’ हे 1929 चे इंग्रजी गाणे झाले. हे इंग्रजी तो कुठे शिकला, हे कळल्यावर गाणे वेगळेच ऐकू येते. 1914 साली पहिल्या महायुद्धात तो जखमी होऊन जर्मनांच्या हाती सापडला आणि आल्टेनग्राबोच्या युद्धकैद्यांच्या छावणीत दोन वर्षांहून अधिक काळ राहिला. तिथल्या इंग्रज कैद्यांनी त्याला भाषा शिकवली. तिच्याच बळावर तो हॉलिवूडला गेला.

माझी तक्रार इथेच आहे. दुसऱ्या महायुद्धात, फ्रान्स जर्मनांच्या ताब्यात असताना, तो त्याच छावणीत फ्रेंच कैद्यांसमोर गायला आणि त्या बदल्यात दहा कैद्यांची सुटका झाली. त्यावरून त्याच्यावर शत्रूशी हातमिळवणी केल्याचा आरोप आला आणि पुढे तो निर्दोष ठरला. हे सारे यजमानांनी दोन वाक्यांत गुंडाळले. ज्या माणसाचे जगणेच लोकांच्या टाळ्यांवर अवलंबून होते, त्याच्याकडे तेच लोक संशयाने पाहू लागले, यावर निदान पंधरा मिनिटे द्यायला हवी होती. त्याऐवजी 1959 चे मानद ऑस्कर आणि हॉलिवूडचे किस्से लांबले. ऐंशीव्या वर्षी, 1968 साली, त्याने रंगमंचाचा घेतलेला निरोप मात्र त्यांनी फार हळुवारपणे सांगितला.

गाण्यांचे मराठी अर्थ छापून हाती दिले, तर ऐकणाऱ्याचे लक्ष तबकडीवरून हलणार नाही. ध्वनिवर्धक वापरत नाहीत, ते उत्तमच. पण वारा सुटला की मागच्या रांगांना केवळ माडांची सळसळ ऐकू येते, म्हणून वेळेआधी पोहोचून कर्ण्यासमोरची जागा धरावी. पुढच्या शनिवारी मिस्टँगेटच्या तबकड्या आहेत. मी नाव नोंदवले आहे आणि पुढची जागाही मागितली आहे.