रंगबंधक म्हणजे काय आणि कोणते घ्यावे: तुरटी, ॲल्युमिनियम ॲसिटेट की हिराकस?

मंजिष्ठेचे पाणी एकच, भांडे एकच, सुती कापडही एकाच ठाणातले. तरी एक तुकडा लाल निघतो, दुसरा जांभळट काळा, आणि तिसरा जेमतेम गुलाबी होऊन दोन धुण्यांत उतरतो. पहिल्याला आधी तुरटी (ॲल्युमिनियमचा क्षार) दिलेली असते, दुसऱ्याला हिराकस (लोखंडाचा क्षार), तिसऱ्याला काहीच नाही. रंगापूर्वी कापडाला दिलेल्या या धातूच्या क्षाराला रंगबंधक म्हणतात. बोलताना मॉर्डंट हाच शब्द जास्त चालतो. पहिल्या शतकातल्या प्लिनी या रोमन लेखकाने इजिप्तच्या रंगाऱ्यांची हीच करामत नोंदवून ठेवली आहे: कापडावर आधी बिनरंगी द्रव्ये लावायची, मग सगळे कापड एका कढईत बुडवायचे, आणि बाहेर येताना त्यावर निरनिराळे रंग उठलेले.

म्हणून वनस्पतीच्या रंगाने कापड रंगवायचे ठरले की कोणता रंग याआधी कोणते रंगबंधक हे ठरवावे लागते. तेही धागा पाहून. सुती कापडाला लोकरीची कृती लावणे ही सगळ्यात जास्त होणारी चूक आहे, आणि ती धुतल्याशिवाय कळत नाही.

शब्दाचा अर्थ कुठे संपतो

मॉर्डंट हा शब्द फ्रेंचमधून आला. मूळ लॅटिन ‘मोर्देरे’, म्हणजे चावणे. क्षार धाग्याला चावतो, त्याची छिद्रे उघडतात आणि रंग आत शिरतो, असा जुना समज होता. प्रत्यक्षात धातूचा आयन एका हाताने धाग्याला आणि दुसऱ्या हाताने रंगाच्या रेणूला धरतो. त्या अर्थाने मराठीतला ‘रंगबंधक’ हा शब्द मूळ शब्दापेक्षा खरा आहे. या धरण्यात रंगाच्या रेणूची प्रकाश शोषण्याची पद्धत बदलते, म्हणून छटाही बदलते. रंगबंधक हा नुसता डिंक नव्हे. तो रंगाचा अर्धा भाग आहे.

घोटाळा होतो तो ‘रंग पक्का करणे’ या एका वाक्प्रचारामुळे. त्यात मीठ, व्हिनेगर, सोडा, बाजारी फिक्सर असे सगळेच ओढले जाते. मीठ रंगबंधक नाही. सुतावरच्या ‘रिॲक्टिव्ह’ या कृत्रिम रंगांत ते रंगाला पाण्यातून धाग्याकडे ढकलते, आणि खरी पकड सोड्याने पाणी अल्कधर्मी झाल्यावर रंग व सुताच्या थेट रासायनिक बंधाने येते. तिथे रंगबंधकाची गरजच नसते. व्हिनेगर लोकरीवरच्या ॲसिड रंगांसाठी पाणी आम्ल करते, एवढेच त्याचे काम. बाजारी फिक्सर रंगवून झाल्यावर वापरतात आणि ते बहुधा डायरेक्ट रंगांसाठी, म्हणजे सुतावर थेट चढणाऱ्या कृत्रिम रंगांसाठी, असतात. सोयाबीनचे दूध धाग्यावर प्रथिनाचा थर देते. तोही धातूचा दुवा नव्हे.

काही रंगांना रंगबंधक लागतच नाही. नीळ धाग्यात शिरून हवेत न विरघळणारी होते, तिला तुरटी देऊन काही साधत नाही. हळद थेट चढते, पण उन्हात उडते. तुरटी दिली तरी उडतेच. रंगबंधकाने कोणताही रंग उन्हाला टिकाऊ होतो ही समजूत सोडून द्यावी.

धागा लोकर किंवा रेशीम असेल तर

इथे फारसा पेच नाही. तुरटी घ्यावी. प्रथिनाचा धागा ॲल्युमिनियमला स्वतःहून धरतो. लोकरीला कोरड्या वजनाच्या १० ते १२ टक्के तुरटी आणि ५ ते ६ टक्के क्रीम ऑफ टार्टर (टार्टरिक आम्लाचा पांढरा क्षार). ओली लोकर कोमट द्रावणात सोडून तासाभरात हळूहळू ८५ ते ९० अंश सेल्सिअसपर्यंत न्यायची, तासभर तिथे ठेवायची आणि त्याच पाण्यात निवू द्यायची. टार्टरमुळे ॲल्युमिनियम धाग्यात सावकाश आणि सारखे शिरते. तुरटी जास्त घातली तर रंग गडद होत नाही, लोकर मात्र हाताला चिकट लागते.

रेशमाला उकळी नको, तिने चमक जाते. १० ते १५ टक्के तुरटीच्या कोमट द्रावणात रात्रभर भिजत ठेवले की पुरते, टार्टरचीही गरज नाही. या दोन धाग्यांसाठी ॲल्युमिनियम ॲसिटेट घेण्यात खास लाभ नाही. हिराकस लोकरीला खरखरीत करते, म्हणून तिथे ते शेवटी आणि थोडेच.

धागा सुती असेल तर

खरा निर्णय इथे आहे. कापूस, ताग, जवस हे सेल्युलोजचे धागे. तुरटीचे ॲल्युमिनियम त्यांच्यावर नीट बसत नाही. खळबळून धुतले की बरेचसे पाण्याबरोबर जाते. नुसत्या तुरटीत उकळून काढलेले सुती कापड रंगाच्या भांड्यात छान दिसते आणि पुढे फिके पडत जाते, त्याचे कारण हेच. यावर दोन वाटा आहेत.

पहिली वाट टॅनिनची, म्हणजे वनस्पतीतल्या तुरट द्रव्याची: आधी हिरडा, मग तुरटी. टॅनिन कापसाला चिकटते आणि टॅनिनला ॲल्युमिनियम चिकटते. हिरडा स्वतः धातू नसल्यामुळे काटेकोर अर्थाने रंगबंधक नाही. रंगबंधकाला बसायला तो पाट मांडून देतो. दुसरी वाट ॲल्युमिनियम ॲसिटेटची. यातले ॲसिटिक आम्ल कापड वाळताना उडून जाते आणि ॲल्युमिनियम धाग्यात मागे राहते. त्याला टॅनिनचा पाट लागत नाही.

४०० ग्रॅम कोरडे कापड धरून दोन्ही वाटा शेजारी मांडू. पाणी कापडाच्या वजनाच्या २० ते ३० पट, म्हणजे ८ ते १२ लिटर, कापड मोकळे फिरेल इतके.

हिरडा-तुरटीच्या वाटेत हिरड्याची पूड १५ ते २० टक्के, म्हणजे ६० ते ८० ग्रॅम. पूड गरम पाण्यात भिजवून गाळून घ्यावी, कारण गाळ राहिला तर कापडावर ठिपके उठतात. ४० ते ५० अंशांच्या पाण्यात कापड एक-दोन तास फिरवत ठेवावे, पिळून हलकेच खळबळावे. मग तुरटी १२ टक्के, म्हणजे ४८ ग्रॅम, आणि धुण्याचा सोडा दीड टक्का, म्हणजे ६ ग्रॅम. दोन्ही वेगवेगळ्या गरम पाण्यात विरघळवायचे आणि सोडा थोडा थोडा करून तुरटीत ओतायचा. फेस येतो, भांडे उंच हवे. सोड्याने तुरटीची आम्लता कमी होते आणि ॲल्युमिनियम धाग्यावर बसायला राजी होते. हात सैल सुटून सोडा जास्त पडला तर पाण्यात पांढरा, जेलीसारखा साका धरतो. ते ॲल्युमिनियम वाया गेले असे समजा. कापडावर ते नुसते वरवर बसते आणि रंगवल्यावर चोळले की निघते. या द्रावणातही पाणी कोमट-गरमच ठेवायचे, कारण उकळले तर कष्टाने चढवलेले टॅनिन उतरते.

ॲसिटेटच्या वाटेत ५ ते ८ टक्के पूड, म्हणजे २० ते ३२ ग्रॅम. तयार पूड मिळत नसेल तर तुरटी आणि सोडियम ॲसिटेट प्रत्येकी १५ टक्के, म्हणजे ६०-६० ग्रॅम, एकाच गरम पाण्यात विरघळवले की तेच द्रव्य पाण्यात तयार होते. द्रावण सुमारे ४० ते ४५ अंशांचे, उकळायचे नाही. तास-दोन तास भिजवून कापड पिळायचे आणि न धुता, घडी न पडू देता पूर्ण वाळवायचे. व्हिनेगरसारखा वास येतो तो उडणाऱ्या आम्लाचा. एक-दोन दिवस राहू दिले तर उत्तम. त्यानंतर खडूची पूड लिटरला ५ ते १० ग्रॅम किंवा गव्हाचा कोंडा भिजवून काढलेले पाणी, यात कापड १० ते १५ मिनिटे बुडवून धुवायचे. उरलेले आम्ल आणि न बसलेले ॲल्युमिनियम यात निकामी होते. हे राहिले तर तेच ॲल्युमिनियम रंगाच्या भांड्यात सुटते, रंग तिथेच पकडते आणि रंगाचा गाळ तळाशी बसतो. जुन्या छपाईत हे काम शेणाच्या पाण्याने होई. शेणातल्या फॉस्फेटांचा त्यात हात होता.

कोणती वाट घ्यावी? पिवळा, तपकिरी, मेंदी, मातकट किंवा काळ्याकडे झुकणारा रंग हवा असेल तर हिरडा-तुरटी. ती स्वस्त आहे, चुका पोटात घालते, आणि हिरड्याचा मूळचा पिवळेपणा अशा रंगांत मिसळून जातो. स्वच्छ गुलाबी, निखळ लाल किंवा फिका लिंबू रंग हवा असेल तर हिरड्याचा पिवळा थर आड येतो, तिथे ॲसिटेट. नक्षी छापायची आणि बाकी जमीन पांढरी ठेवायची असेल तरी ॲसिटेटच. मधला मार्गही आहे: हिरड्याऐवजी मायफळाचे टॅनिन ८ ते १० टक्के. त्याचा स्वतःचा रंग बराच फिका असतो. डाळिंबाची साल मात्र या कामाला घेऊ नये; ती टॅनिनही देते आणि पिवळा रंगही. तो हवा असेल तेव्हाच घ्यावी.

हिराकस कधी

हिराकस म्हणजे फेरस सल्फेट. त्याला तुरटीचा पर्याय मानून सुरुवात करू नये. तुरटी रंग उजळ ठेवते, लोखंड तो झाकोळते. झेंडूचा सोनेरी पिवळा मेंदीकडे जातो, डाळिंबाच्या सालीचा पिवळा हिरवट करडा होतो, लाखेचा किरमिजी जांभळट करडा, मंजिष्ठेचा लाल जांभळट तपकिरी. हिरडा दिलेल्या कापडावर नुसते हिराकस घातले तरी ते काळपट करडे होते; जुनी काळी शाई याच जोडीतून बनायची. उन्हातला टिकाऊपणा मात्र लोखंडाने बहुतेक रंगांत वाढतो. पडदे, आच्छादने अशा उजेडात राहणाऱ्या कापडाला थोडे हिराकस द्यायचे ते यासाठी.

किंमत मोजावी लागते ती धाग्याने. लोखंड हवेतल्या प्राणवायूची क्रिया वेगवान करते आणि सेल्युलोज कुजत जातो. जुन्या कापडांत काळ्या रेषा जिथे होत्या तिथेच कापड विरलेले दिसते, ते यामुळे. म्हणून छटा बदलण्यापुरते हिराकस १ ते २ टक्के, फार गडद हवे असेल तर ४ टक्क्यांपर्यंत. ४०० ग्रॅम कापडाला ४ ते ८ ग्रॅम पुष्कळ झाले. रंगवून झाल्यावर वेगळ्या भांड्यात, कोमट पाण्यात, १० ते १५ मिनिटे, सतत हलवत. थांबलात की घडीची रेघ उठली. छटा पहिल्या काही मिनिटांतच बदलते आणि वाळल्यावर कमी वाटू शकते, तेव्हा आणखी हवे असेल तर धुऊन पुन्हा पाव-अर्धा टक्का द्यावा. एकदम ओतू नये.

हिराकसाचे खडे हिरवट निळे हवेत. गंजासारखे पिवळट झाले असतील तर लोखंडाचे फेरिकमध्ये रूपांतर झालेले असते, त्याने कापडावर गंजाचे डाग पडतात. भांडे, काठी, हातमोजे हिराकसाचे वेगळेच ठेवावेत. त्याचा अंश तुरटीच्या भांड्यात गेला तर पुढचा प्रत्येक पिवळा मळकट निघतो आणि कारण शोधता सापडत नाही.

मोरचूद हिरव्या छटांसाठी सुचवले जाते, पण त्याचे पाणी जलचरांना विषारी आहे. पोटॅशियम डायक्रोमेटमधले क्रोमियम कर्करोगकारक आहे. कथिलाचे क्षार रंग झळझळीत करतात आणि लोकर ठिसूळ करतात. तुरटी, ॲसिटेट आणि थोडे हिराकस यांत जवळपास सगळे काम होते. मोरचूद, डायक्रोमेट आणि कथिल यांच्याकडे वळायचे कारण नाही.

आधी, बरोबर की नंतर

रंगबंधक रंगाआधी देणे सर्वांत भरवशाचे. त्याच भांड्यात रंगाबरोबर घातले तर वेळ वाचतो, पण धातू पाण्यातच रंग पकडतो आणि बराच रंग गाळ होऊन बसतो. कोरडे चोळले की तो हाताला लागतो. नंतर देणे हे हिराकसापुरते ठेवावे.

बिघडते तिथे बघायचे काय

ठिपक्याठिपक्यांचा रंग आला की दोष बहुधा रंगबंधकाचा नसून कापड नीट न धुण्याचा असतो. नव्या सुती कापडात खळ, मेण, तेल असते. कोरड्या वजनाच्या २ टक्के सोडा आणि थोड्या साबणात तास-दोन तास उकळले की पाणी पिवळे-तपकिरी होते. ते ओतून पुन्हा धुवावे. वाळल्यावर पाण्याचा थेंब टाकावा. तो लगेच शोषला गेला तर कापड तयार, थेंब मोत्यासारखा उभा राहिला तर पुन्हा उकळा. लोकरीला मात्र सोडा आणि उकळी दोन्ही वर्ज्य.

कडेला किंवा घडीवर गडद रेघा आल्या तर कापड दोरीवर दुमडून वाळवले गेले आहे. द्रावण ओल्या भागाकडून वाळत्या भागाकडे सरकते आणि तिथे ॲल्युमिनियम जास्त साठते. मंजिष्ठेचा लाल विटकरी निघाला तर रंगबंधकाआधी उष्णता तपासा: पाणी ७० ते ७५ अंशांच्या वर गेले की मंजिष्ठेच्या मुळांतली तपकिरी द्रव्ये उतरतात. पाणी फार मृदू असेल तरी हा लाल खुलत नाही, त्याला कॅल्शियम लागते. रंगाच्या भांड्यात चिमूटभर खडू टाकावा. लाखेचा रंग मात्र जड पाण्यात जांभळ्याकडे झुकतो.

मोठे कापड भिजवण्याआधी त्याच ठाणाच्या चार पट्ट्या कापा: एक कोरी, एक नुसत्या तुरटीची, एक हिरडा-तुरटीची, एक ॲसिटेटची. चारही एकाच भांड्यात रंगवा, वाळवा, मग प्रत्येक पट्टी अर्धी कापून तो अर्धा भाग साबणाच्या गरम पाण्यात पाच वेळा धुवा आणि न धुतलेल्या अर्ध्याशेजारी ठेवा. तुरटीची पट्टी कोऱ्या पट्टीच्या किती जवळ सरकली ते पाहिले की तुमच्या कापडाला पाट लागतो की नाही ते डोळ्यांना दिसते. पट्ट्यांवर टक्केवारी आणि तारीख पेन्सिलीने नव्हे, शिवलेल्या दोऱ्याच्या गाठींनी नोंदवा. पेन्सिल या धुण्यांत टिकत नाही.